ऐतिहासिक माहितीपट: संस्थेच्या पैशावर की स्वतःच्या?

इतिहासावर माहितीपट करू पाहणाऱ्याने पैसा कोणाचा घ्यायचा हे कॅमेरा घेण्याआधी ठरवावे. हा प्रश्न बहुधा पोटापाण्याचा म्हणून विचारला जातो. मला मात्र चित्रित केलेली सामग्री पुढे कोणाच्या मालकीची राहणार, हा त्यातला मोठा भाग वाटतो.

संस्थेची बाजू हलकी नाही. १९४८ साली स्थापन झालेली फिल्म्स डिव्हिजन (२०२२ पासून राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन) सरकारी प्रचारासाठी ओळखली गेली, तरी तिच्याच नोकरीत असलेल्या एस. एन. एस. शास्त्री यांनी 'आय ॲम ट्वेंटी' (१९६७) हा लघुपट केला. स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या तरुण-तरुणींनी त्यात देशाविषयी इतके मोकळेपणाने बोलून ठेवले आहे, की आज तो इतिहासाचे साधन म्हणून पाहता येतो. ठिकठिकाणी फिरून फिल्मवर असे चित्रण करणे त्या काळी एकट्याच्या आवाक्यातले नव्हते. आज उपकरणे स्वस्त झाली आहेत, पण जुन्या चित्रफितींच्या वापराचे शुल्क, प्रवास आणि संकलकाचे मानधन हे खर्च राहतातच.

अडचण करारनाम्यात असते. प्रतिफल देऊन कोणी चित्रपट करवून घेतला, तर वेगळा करार नसल्यास त्याचा पहिला मालक करवून घेणाराच, असे १९५७ चा स्वामित्वहक्क कायदा सांगतो. अंतिम चित्रपटात न आलेल्या तासन्‌तासांच्या मुलाखती कोणाच्या, हे म्हणून आधीच लिहून घ्यावे.

स्वतंत्र राहण्याचा लाभ आनंद पटवर्धन यांच्या कामात स्पष्ट दिसतो. झोपडपट्टीवासीयांवरील 'हमारा शहर' (१९८५) या माहितीपटात शाहीर विलास घोगरे गायले होते. जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मृत्युमुखी पडले आणि त्यानंतर घोगरे यांनी आत्महत्या केली. तेथून सुरू झालेला 'जय भीम कॉम्रेड' २०११ साली, म्हणजे चौदा वर्षांनी, पूर्ण झाला आणि त्यात घोगरे यांचे ते जुने चित्रण पुन्हा आले. मुदत घालणाऱ्या कोणत्या संस्थेने चौदा वर्षे वाट पाहिली असती? मात्र या स्वातंत्र्याची किंमतही तशीच आहे. याच दिग्दर्शकाचा १९९५ चा एक माहितीपट दूरदर्शनवर दाखवला जावा म्हणून प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि निकाल २००६ मध्ये लागला. कोर्टकचेरीत जाणारी वर्षे कोणत्याही अंदाजपत्रकात मांडलेली नसतात.

कागदपत्रांचा इतिहासकार तुलनेने कमी पैशांत तग धरू शकतो. वि. का. राजवाडे दप्तरे धुंडाळत गावोगाव हिंडले, आणि १९१० साली स्वतःच उभ्या केलेल्या भारत इतिहास संशोधक मंडळाशीही त्यांचे पुढे जमले नाही. माहितीपटकाराला इतका एकटेपणा परवडत नाही, कारण त्याला ध्वनिमुद्रक लागतो, संकलक लागतो आणि शेवटी पडदाही लागतो.

विषय अजून घडत असेल, खटले चालू असतील, तर मी स्वतःच्या पैशावर, अर्थार्जनाचे दुसरे काम सांभाळून, सावकाश करण्याचा सल्ला देईन. साक्षीदार ऐंशीच्या पुढचे असतील, तर मात्र संस्थेचा पैसा लगेच घ्यावा आणि करारात फक्त मूळ मुलाखतींच्या हक्कासाठी अडून बसावे.