चिपळूणच्या पावसात अकरा महिने: मारुती ८०० मधील सिलिकॉन प्लग वायरींचा वापरानंतरचा अनुभव

आमच्या घरी १९९८ सालची, कार्बोरेटरवर चालणारी मारुती ८०० आहे आणि ती रोजच्या वापरात आहे. महिन्यातून दोन-तीन वेळा तरी चिपळूणहून कुंभार्ली घाटाने कराडला जाऊन यावे लागते आणि त्या फेऱ्या पावसाळ्यातही चुकत नाहीत. गेल्या वर्षी जूनच्या दुसऱ्या आठवड्यात या गाडीच्या जुन्या हाय टेन्शन वायरी (स्पार्क प्लगपर्यंत जास्त व्होल्टची वीज नेणाऱ्या वायरी) काढून मी सिलिकॉन आवरणाच्या, सात मिलिमीटर जाडीच्या नव्या वायरींचा संच स्वतः बसवला. त्याला आता अकरा महिने झाले असून गाडी सुमारे आठ हजार किलोमीटर चालली आहे. संपूर्ण पावसाळा, थंडी आणि बहुतेक उन्हाळा पाहून झाल्यामुळे आता या वायरींविषयी काही ठामपणे सांगता येईल असे वाटते.

वायरी बदलायची वेळ का आली, ते आधी सांगतो. पहिले चार-पाच पाऊस पडले आणि गाडी घाटात मिसिंग मारू लागली. सपाट रस्त्यावर काही तक्रार नव्हती, आयडलिंगही बऱ्यापैकी स्थिर होते. पण घाटाच्या पायथ्याचे पोफळी गाव सोडून चढ लागला आणि तिसऱ्या गिअरमध्ये अॅक्सिलरेटर दाबला, की गाडी धक्के खायची आणि पिकअप पूर्णपणे जायचा. गॅरेजमध्ये आधी कार्बोरेटरवर संशय घेण्यात आला. जेट साफ झाले, पेट्रोल फिल्टर बदलला, दोन दिवस गाडी अडकून पडली, आणि पुढच्या फेरीला त्याच वळणावर तोच त्रास पुन्हा झाला.

मग एका रात्री अंगणातला दिवा मालवून, बॉनेट उघडे ठेवून मी इंजिन सुरू केले आणि झाडांवर पाणी मारायच्या फवाऱ्याने वायरींवर अगदी हलका फवारा दिला. दोन नंबरच्या, म्हणजे दुसऱ्या सिलिंडरच्या, वायरीपासून शेजारच्या बोल्टकडे केसासारखी बारीक निळी रेघ तडतडत जाताना स्वच्छ दिसली. तीन नंबरच्या वायरीच्या प्लगकडील रबरी टोपीभोवतीही फिकट निळसर प्रभा होती. करंट लीक होतो म्हणजे काय होते, ते मी त्या रात्री पहिल्यांदा डोळ्यांनी पाहिले. ही तपासणी ज्यांना करायची असेल त्यांनी इंजिन चालू असताना वायरींना हात मुळीच लावू नये आणि ज्यांना पेसमेकर बसवलेला आहे त्यांनी तर जवळही उभे राहू नये.

हा दोष सपाटीवर लपतो आणि चढावर का उघडा पडतो, हे नीट समजून घेण्यासारखे आहे. बॅटरीचे बारा व्होल्ट कॉइलमध्ये वाढून काही हजार व्होल्ट होतात आणि तो दाब वायरीतून प्लगच्या टोकाशी पोहोचतो. गाडी उभी असताना सिलिंडरमध्ये हवा कमी भरते, त्यामुळे प्लगच्या फटीत ठिणगी पडायला तुलनेने कमी व्होल्ट पुरतात. चढावर थ्रॉटल उघडतो, सिलिंडरमध्ये भरपूर मिश्रण कोंबले जाते आणि त्या दाटीतून ठिणगी उडवायला कितीतरी जास्त व्होल्ट लागतात. वायरीचे आवरण कडक होऊन त्याला बारीक भेगा पडलेल्या असतील आणि त्या भेगांत ओल असेल, तर विजेला प्लगची फट ओलांडण्यापेक्षा बाहेरून इंजिनाच्या धातूवर उडी मारणे सोपे जाते. ज्या क्षणी जोर हवा, नेमक्या त्याच क्षणी एक सिलिंडर गप्प बसतो. तीनच सिलिंडरांच्या इंजिनात एक बंद पडला म्हणजे एक तृतीयांश ताकद गेली, म्हणून हा धक्का चार सिलिंडरांच्या गाडीपेक्षा जास्त जाणवतो. प्लगची फट झिजून वाढलेली असेल तर व्होल्ट आणखी जास्त लागतात. माझ्या प्लगांची फट ०.७ ते ०.८ मिलिमीटरऐवजी एक मिलिमीटरच्याही पुढे गेली होती. त्यामुळे नव्या वायरींबरोबर नवे प्लगही घातले. जुने प्लग तसेच ठेवून केवळ वायरी बदलणे म्हणजे अर्धेच काम करणे होय.

जुन्या वायरी काढल्यावर मल्टिमीटरने मोजल्या. या वायरींच्या आत तांब्याची तार नसते, कार्बन मुरवलेला धागा असतो आणि त्याचा रोध मीटरमागे साधारण दहा ते वीस किलोओहम असावा लागतो. माझी दोन नंबरची वायर जेमतेम बेचाळीस सेंटिमीटर लांब असूनही एकेचाळीस किलोओहम दाखवत होती आणि ती हाताने जराशी वाकवली की आकडा वर-खाली नाचत होता, म्हणजे आतला धागा तुटत आलेला होता. नव्या संचातील एक नंबरची वायर ८.३, दोन नंबरची ६.४, तीन नंबरची ५.१ आणि कॉइलची ४.६ किलोओहम भरली. हे आकडे मी गाडीच्या वहीत तारखेसह लिहून ठेवले.

येथे तांब्याच्या वायरींविषयी थोडे सांगितले पाहिजे. रोध कमी म्हणजे ठिणगी जोरदार, असे समजून काही वर्षांपूर्वी मी एकदा तांब्याच्या गाभ्याची वायर घालून घेतली होती. इंजिनात काडीचाही फरक पडला नाही, मात्र रेडिओ लावला की इंजिनाच्या वेगाबरोबर चढणारी खरखर ऐकू येऊ लागली. प्रत्येक ठिणगीबरोबर रेडिओलहरी बाहेर पडतात आणि त्या दाबण्यासाठीच वायरीत मुद्दाम रोध ठेवलेला असतो. तो दोष समजून काढून टाकणे चुकीचे आहे.

बसवण्याच्या कामाला मला दीड तास लागला, कारण मी एका वेळी एकच वायर बदलली. ही पद्धत सोडू नये. या इंजिनात सिलिंडर पेटण्याचा क्रम १-३-२ आहे आणि एक नंबरचा सिलिंडर पट्ट्याच्या बाजूला येतो, त्यामुळे डिस्ट्रिब्युटरपासून (कॉइलची वीज पाळीपाळीने प्रत्येक प्लगला वाटणाऱ्या भागापासून) सर्वांत लांब वायर त्याची आणि सर्वांत आखूड तीन नंबरची. लांबीवरून वायर ओळखता येते, पण डिस्ट्रिब्युटरच्या कॅपवर ती कोणत्या खाचेत जाते हे लांबीवरून कळत नाही. पूर्वी एकदा सगळ्या वायरी एकदम काढल्यामुळे माझ्याकडून दोन आणि तीन यांची अदलाबदल झाली होती, आणि इंजिन सुरू करताना कार्बोरेटरमधून फटाक्यासारखा आवाज आला होता. तसे होण्याचे कारण सरळ आहे. अशा अदलाबदलीत दोन नंबरच्या सिलिंडरला ठिणगी मिळते तेव्हा तो अजून मिश्रण आत ओढत असतो, त्याचा व्हॉल्व्ह उघडा असतो, आणि ज्वाला उलटी कार्बोरेटरकडे येते. एअर फिल्टर जवळच असल्यामुळे हा प्रकार हसण्यावारी नेण्याजोगा नाही.

जुनी वायर काढताना ती ओढायची नसते. रबरी टोपी बोटांत धरून आधी डावी-उजवीकडे पिळायची, ती सुटल्याचे जाणवले की सरळ वर घ्यायची. वायर धरून ओढली की आतला कार्बन धागा टोकाच्या धातूपासून सुटतो आणि बाहेरून काहीही दिसत नाही. प्लग खोलण्यापूर्वी त्याच्या खड्ड्यातील माती फुंकून काढली. नवे प्लग हाताने पूर्ण बसेपर्यंत फिरवले आणि मग प्लग पान्याने सुमारे अर्धा फेरा आवळले. हेड अॅल्युमिनियमचे असते. तिथे अंगातली सगळी ताकद लावून आटे खराब करून घेण्याची गरज नाही.

प्रत्येक टोपीच्या आतल्या कडेला मी विद्युतरोधक सिलिकॉन ग्रीस अगदी थोडे लावले, फक्त रबरावर, आतल्या धातूच्या टोकावर नव्हे. ग्रीस वीज वाहून नेत नाही. त्याचे काम ओल आत येऊ न देणे आणि रबर प्लगच्या चिनी मातीला चिकटू न देणे एवढेच आहे. टोपी खाली दाबताना आत धातूची पकड बसल्याचा ‘टक्’ असा बारीक आवाज येतो आणि बोटांनाही तो कळतो. तो आला नाही तर वायर बसली नाही असेच धरावे. संचातल्या दोन नंबरच्या वायरीने मला याच ठिकाणी फसवले. बसवताना तिचा आवाज मंद आला होता आणि मी तो चालवून घेतला. नोव्हेंबरमध्ये, म्हणजे पाचव्या महिन्यात, आयडलिंगला अधूनमधून एक ठोका चुकू लागला. टोपी काढून पाहिली तर आतल्या धातूच्या वाटीवर करडा-पांढरा जळका डाग पडला होता आणि वाटी प्लगच्या टोकावर सैल हलत होती. नाकाड्या पक्कडीने वाटी किंचित आत दाबली, डाग बारीक पॉलिश पेपरने घासला, पुन्हा बसवली, आणि या वेळी आवाज खणखणीत आला. त्यानंतर आजपर्यंत एकही ठोका चुकलेला नाही. तरीही नव्या वायरीची वाटी सैल निघावी ही या संचातील खरी उणीव आहे आणि मी तिचे गुण कापतो.

दुसरी तक्रार लांबीची आहे. एक नंबरची वायर गरजेपेक्षा बोटभर लांब आहे, त्यामुळे ती सैल लोंबून गरम एक्झॉस्टकडे झुकत होती. शिवाय नव्या वायरी जुन्यांपेक्षा जाड असल्याने मूळ प्लास्टिकच्या क्लिपांत त्या घट्ट होतात. मला क्लिपांची तोंडे कानशीने थोडी मोठी करावी लागली. क्लिपा काढून टाकून वायरींचा जुडगा प्लास्टिकच्या पट्टीने बांधण्याची पद्धत सर्रास दिसते, पण ती योग्य नाही. समांतर चिकटून धावणाऱ्या वायरींत एकीचा प्रवाह दुसरीत उमटू शकतो, आणि कंपनाने आवरणे एकमेकांवर घासतात ते वेगळेच.

आता पावसाळ्याविषयी. चिपळूणला वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस होतो आणि जुलैत आमच्या घरातले कपाटही ओलसर असते. त्या महिन्यात धुक्यातून, वरून धो-धो पाऊस आणि समोरच्या ट्रकच्या चाकांचे पाणी अशा स्थितीत घाट चढताना गाडीने एकदाही धक्का दिला नाही. सकाळी पहिल्या सेल्फला इंजिन सुरू होते. ऑगस्टमध्ये अंधारात फवाऱ्याची तपासणी पुन्हा केली, तेव्हा कुठेही निळी रेघ नव्हती. पीयूसीच्या वेळी हायड्रोकार्बनचा आकडा १,२४० पीपीएमवरून ३८० वर आला. या वयाच्या गाडीला १,५०० ची मर्यादा असल्यामुळे आधीही प्रमाणपत्र मिळत होते, पण न जळलेले पेट्रोल सायलेन्सरमधून बाहेर जात होते हे त्या आकड्यावरून उघड होते.

मात्र याचे सगळे श्रेय वायरींना देणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. त्याच वेळी मी डिस्ट्रिब्युटरची कॅपही उघडली होती. आत दोन टोकांच्या मध्ये पेन्सिलीने ओढल्यासारखी काळी, वेडीवाकडी रेघ उमटलेली होती. ती पुसली जात नाही. ठिणगीने प्लास्टिकवर जाळून काढलेला तो कार्बनचा रस्ता असतो आणि ओल असली की वीज त्यावरून पळते. कॅप आणि तिच्या आत फिरणारा रोटर दोन्ही बदलले. वायरी कितीही चांगल्या असल्या तरी कॅप फुटकी असेल तर घाटात पुन्हा तेच होणार.

कॉइलपासून डिस्ट्रिब्युटरपर्यंत येणारी चौथी, आखूड वायर बहुतेकांच्या लक्षातून सुटते. इंजिन मिनिटाला ३,००० फेरे घेत असताना प्रत्येक प्लग सेकंदाला पंचवीस वेळा पेटतो, म्हणजे ही एक वायर सेकंदाला पंचाहत्तर ठिणग्यांचा भार वाहते. प्लगची वायर गेली तर एक सिलिंडर बंद पडतो. ही गेली तर गाडी जागच्या जागी उभी राहते. म्हणून दर तीन महिन्यांनी मी हिची दोन्ही टोके आधी पाहतो. फेब्रुवारीत कॅपकडच्या टोकावर हिरवट थर येऊ लागला होता, तो घासून काढला.

देखभाल म्हणावी तर एवढीच आहे: दर तीन महिन्यांनी कोरड्या फडक्याने वायरी पुसणे, टोप्या दाबून पाहणे आणि उंदरांच्या दातांच्या खुणा शोधणे. पावसात उबेसाठी उंदीर बॉनेटखाली येतातच. सप्टेंबरमध्ये तीन नंबरच्या वायरीवर दोन दात उमटलेले आढळले, सुदैवाने आवरणाच्या वरच्या थरापुरतेच. इंजिन धुऊन घ्यायचे असेल तेव्हा डिस्ट्रिब्युटरवर प्लास्टिकची पिशवी बांधायला मी आवर्जून सांगतो.

हा अनुभव डिस्ट्रिब्युटर असलेल्या जुन्या गाड्यांचा आहे. ज्या नव्या गाड्यांत प्रत्येक प्लगवर थेट स्वतंत्र कॉइल बसवलेली असते, त्यांत या वायरीच नसतात. जुन्या ८००, ओम्नी किंवा तशाच गाड्या बाळगणाऱ्यांनी साडेसातशे रुपयांचा हा खर्च करावा असे माझे स्पष्ट मत आहे. फक्त दुकानातच मल्टिमीटर लावून चारही वायरी मोजून घ्याव्यात आणि प्रत्येक वाटीत जुना प्लग घालून पकड तपासावी. रंग लाल आहे की निळा, याने काहीही फरक पडत नाही.

गेल्या रविवारी पुन्हा मोजले: ८.६, ६.६, ५.२ आणि ४.७ किलोओहम. मृग लागायच्या आधी टोप्यांना नवे ग्रीस लावून घेणार आहे, आणि जुन्या संचातली त्यातल्या त्यात बरी असलेली एक नंबरची वायर कागदात गुंडाळून डिकीत ठेवली आहे. सर्वांत लांब असल्यामुळे वाटेत कुठलीही प्लग वायर गेली तरी ती तिथे पोहोचते.