हळदीकुंकवाचं वाण, ८४,९६० रुपये फक्त

गेली एकोणीस वर्षं मी लोकांची बिलं वाचून पोट भरते. कोथरूडमध्ये एका गल्लीत माझं टॅक्स कन्सल्टंटचं छोटंसं ऑफिस आहे. दुकानदार पिशवीत कोंबून आणलेली बिलं टेबलावर ओततात, आणि त्यातलं खरं कुठलं, जुळवलेलं कुठलं, हे मला बहुतेक वेळा कागद हातात घेतल्याबरोबर कळतं. हे आधीच सांगून ठेवते, म्हणजे पुढचं वाचताना 'बाई साधीभोळी असेल बिचारी' असं कुणाला वाटायला नको.

२०२४ च्या जानेवारीत आमच्या सोसायटीचं संक्रांतीचं हळदीकुंकू होतं. यंदा वर्गणी नाही, एक स्किन क्लिनिक सगळा खर्च करणार, असं कमिटीतून कळलं. सगळ्यांनाच बरं वाटलं, मलाही. वाण म्हणून फेसवॉशची पुडी आणि सोबत 'मोफत स्किन ॲनालिसिस'चं कूपन. हॉलच्या दाराशीच टेबल मांडलेलं आणि त्यावर एक पांढरं यंत्र. हनुवटी टेकवायची, डोळे मिटायचे, फोटो निघतो.

स्क्रीनवर माझा चेहरा आला आणि तोंडातला तिळगूळ घशाखाली उतरेना. जांभळट रंगात कपाळापासून हनुवटीपर्यंत ठिपकेच ठिपके. मला दोन्ही गालांवर वांग आहेत. धाकटीच्या वेळी दिवस असताना आले, ते गेलेच नाहीत. पण हे काहीतरी भलतंच होतं. "हे अजून आत आहे ताई," टेबलावरची मुलगी हळूच म्हणाली, "सहा महिन्यांत वर येईल." मागे रांगेत उभ्या असलेल्या चार जणींनी स्क्रीन पाहिली होती. खरं सांगायचं तर मी तिथेच विकली गेले. क्लिनिकमध्ये जाणं ही नंतरची औपचारिकता.

क्लिनिक मात्र देखणं होतं. मंद दिवे, काचेच्या पेल्यात काकडीचं पाणी, आणि डॉक्टरांच्या आधी भेटते ती 'कौन्सेलर'. तिनेच ठरवलं: लेझर टोनिंग आणि पील (म्हणजे रसायनाने कातडीचा वरचा थर काढणं) मिळून आठ सिटिंग, ७२,००० रुपये, वर जीएसटी. आज घेतलं तर हा भाव, उद्या एक लाखाच्या वर. डॉक्टर चार मिनिटं आले. भिंतीवरच्या पाटीवर त्यांच्या नावापुढे होमिओपॅथीची पदवी आणि कॉस्मेटॉलॉजीचा डिप्लोमा होता. पाटी मी वाचली होती. तिचा अर्थ मनाशी लावला नाही, एवढंच. त्यांनी थायरॉईड विचारला नाही, कुठल्या गोळ्या चालू आहेत ते विचारलं नाही, उन्हात किती हिंडता हेही नाही.

पैसे एकदम नको, 'नो कॉस्ट ईएमआय' करू, असं म्हणत तिने माझा पॅन आणि आधार घेतला, दोन ओटीपी मागितले आणि पाचव्या मिनिटाला माझ्या नावावर कर्ज मंजूर झालं. महिना ७,०८०, बारा हप्ते. मी इथे जरा थांबते, कारण पुढे सगळ्यात जास्त मनस्ताप याच कागदाने दिला. आपल्याला वाटतं, आपण क्लिनिकला हप्ते देतोय. तसं नसतं. फायनान्स कंपनी पूर्ण रक्कम पहिल्याच झटक्यात क्लिनिकला देऊन टाकते आणि आपण देणं लागतो ते कंपनीचं. क्लिनिक उद्या शटर ओढून गेलं तरी हप्ता चालूच. थांबवला तर सिबिल, म्हणजे कर्जफेडीचा स्कोअर, आपला बिघडतो. अशा डिजिटल कर्जातून दंड न भरता बाहेर पडायला सुरुवातीचा थोडा अवधी द्यावा लागतो, असा रिझर्व्ह बँकेचा २०२२ पासूनचा नियम आहे. तो अवधी किती, हे माझ्या फोनवर आलेल्या पीडीएफमध्ये लिहिलेलं होतं. मी ती पीडीएफ जूनमध्ये उघडली.

दुसऱ्या सिटिंगला एक पांढरी डबी मिळाली. 'नाईट क्रीम, आमचं स्पेशल फॉर्म्युलेशन.' डबीवर क्लिनिकचं स्टिकर आणि बाकी काहीही नाही. घटक नाहीत, बॅच नंबर नाही, एक्स्पायरी नाही. अमृततुल्यात मिळणाऱ्या बिस्किटाच्या पुड्यावरसुद्धा यापेक्षा जास्त मजकूर असतो. पण तीन आठवड्यांत गाल असे काही उजळले की नवऱ्याने आपणहून विचारलं, "काही केलंस का?" सतरा वर्षांच्या संसारात त्याने आपणहून विचारलेली ही बहुधा तिसरी गोष्ट. मार्चएंडची धावपळ होती, मी खुशीत होते आणि डबी रोज लावत होते. दोनदा नवी मागून घेतली.

मे महिन्यात आठ दिवस कोकणात गेलो आणि डबी घरीच राहिली. चौथ्या दिवशी चेहरा पेटला. लालबुंद गाल, साधं पाणी लागलं तरी आग, हनुवटीवर पुळ्यांचं पीक, आणि वांग पूर्वीपेक्षा गडद. क्लिनिकला फोन केला तर उत्तर आलं, "डिटॉक्स होतंय ताई, क्रीम परत चालू करा." केली. दोन दिवसांत शांत झालं. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला: बंद केलं की पेटतं आणि लावलं की विझतं, ही काही साध्या क्रीमची लक्षणं नव्हेत.

जूनमध्ये वहिनीने तिच्या ओळखीच्या त्वचारोगतज्ज्ञांचा पत्ता दिला. एम.डी. असलेल्या बाई, जुन्या वाड्याच्या जागी झालेल्या इमारतीत दोन खोल्यांचा दवाखाना. काकडीचं पाणी वगैरे नाही, भिंतीला टेकलेली बाकडी. दीड तास बसले, त्यात पुष्कळ पाहिलं. गजकर्ण झालेला एक डिलिव्हरीवाला मुलगा, मेडिकलमधून सांगून आणलेली ट्यूब महिनाभर लावलेला. खाज थांबली आणि चट्टे मांडीवरून कमरेपर्यंत पोचले. खरजेने रात्रभर खाजवणारं अख्खं कुटुंब. कोपरांवर सोरायसिसचे खवले आलेले एक आजोबा. हातावर कोड असलेली कॉलेजची मुलगी. पुण्यात चौकाचौकात 'स्किन अँड हेअर'च्या पाट्या लागल्यात, पण या माणसांसाठी हळदीकुंकवात टेबल कुणी टाकत नाही. खरजेचं पॅकेज होत नाही ना.

बाईंनी माझे गाल भिंगातून पाहिले आणि पहिला प्रश्न विचारला, "डबी आणलीय का?" मग म्हणाल्या, आत काय आहे ते तपासल्याशिवाय छातीठोक सांगता येणार नाही, पण चेहरा स्टेरॉइडचा दिसतोय. कातडी पातळ झालेली, बारीक रक्तवाहिन्या वर दिसायला लागलेल्या, गालावर नवी लव. त्यांच्याकडे असे चेहरे दर आठवड्याला येतात. वांगावर ठरावीक दिवसांसाठी सौम्य स्टेरॉइड असलेलं मिश्रण त्या स्वतःही देतात. पण किती दिवस, कधी बंद करायचं, हे सांगून. स्टेरॉइडची मलमं चिठ्ठीशिवाय विकू नयेत म्हणून सरकारने २०१८ मध्ये नियम कडक केले, तरी दुकानांत आणि डब्यांत ती आहेतच. लेझरचं काय, म्हणून विचारलं, तर त्या म्हणाल्या की आपल्या सावळ्या कातडीवर वांगासाठी लेझर हा पहिला उपाय कधीच नसतो, उलट डाग गडद होण्याचीच भीती. आणि ते जांभळे ठिपके? अतिनील प्रकाशात फोटो काढला की साध्या डोळ्यांना न दिसणारा रंगही उठून दिसतो. पुण्याच्या उन्हात दुचाकी चालवणाऱ्या कुणालाही बसवा, ठिपके येणारच. सहा महिन्यांत 'वर येईल' असं काही नसतं.

त्या संध्याकाळी मी क्लिनिकचं बिल पहिल्यांदा धंद्याच्या नजरेने पाहिलं. सेवेचा कोड ९९९७२२. माझ्या पेशातल्या माणसाला हा कोड तोंडपाठ असायला हवा: कॉस्मेटिक ट्रीटमेंट, मॅनिक्युअर, पेडिक्युअर. डॉक्टर रोगावर उपचार करतात त्याला जीएसटी लागत नाही. सौंदर्यासाठीच्या कामाला लागतो, तेव्हा तो १८ टक्के होता. (२०२५ च्या सप्टेंबरात पार्लर-जिमच्या सेवांवर तो ५ झाला, तो भाग वेगळा.) जीएसटी लावला म्हणजे लबाडी असं नव्हे, चांगले डॉक्टरही सौंदर्याच्या कामावर लावतात. पण तोंडाने 'ट्रीटमेंट, ट्रीटमेंट' म्हणणाऱ्यांनी कागदावर मला नेलपॉलिशच्या रांगेत बसवलं होतं, १२,९६० रुपये कर घेऊन. बिल पहिल्या दिवसापासून खरं बोलत होतं.

पुढचं थोडक्यात. १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार केली. ते ती क्लिनिककडे पाठवतात, निवाडा करत नाहीत. मग वकिलाची नोटीस. जिल्हा ग्राहक आयोगात पाच लाखांपर्यंतच्या प्रकरणाला फी नाही आणि घटनेपासून दोन वर्षांत जाता येतं, हे कळल्यावर मी तयारीही केली होती. तेवढ्यात क्लिनिकचा निरोप आला: न झालेल्या चार सिटिंगचे ३६,००० परत देतो, सही करा. सहीच्या कागदात अटी होत्या: क्लिनिकचं नाव कुठे घ्यायचं नाही, तक्रार मागे घ्यायची, उरलेली क्रीम परत करायची. तो जुलै होता, रिटर्न्सचा हंगाम, चेहरा अजून पोळत होता. मी सही केली. डबी एफडीएकडे, म्हणजे अन्न व औषध प्रशासनाकडे द्यायला हवी होती, ती त्यांच्या हातात दिली. याची मला पैशांपेक्षा जास्त लाज वाटते. नाव का लिहिलं नाही, असं विचारणाऱ्यांना हेच उत्तर.

चेहरा शांत व्हायला सात महिने गेले. वांग आहेत. सकाळी दोन बोटं भरून सनस्क्रीन लावते आणि गाडीवर स्कार्फ बांधते.

तुमच्या टेबलावर असं यंत्र आलं तर डॉक्टरांचा नोंदणी क्रमांक विचारा आणि तो महाराष्ट्र मेडिकल कौन्सिलच्या यादीत आहे का ते घरी जाऊन पाहा. एम.डी., डी.व्ही.डी. किंवा डी.एन.बी. त्वचारोगात आहे का, हेही. ओटीपी त्या दिवशी देऊ नका. लेबल नसलेली डबी मिळाली तर लावू नका, फेकूही नका.

यंदा जानेवारीत सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज आला: हळदीकुंकवाला प्रायोजक मिळालाय, क्लिनिक दुसरं आहे. मी वर्गणीचे २०० रुपये पाठवले आणि खाली लिहिलं, 'प्रायोजक नको, कारण प्रत्यक्ष भेटल्यावर सांगते.' तिघींनी अंगठा दाखवला. बाकीच्यांनी तिळगुळाची ऑर्डर कुणाकडे द्यायची ते विचारलं.