बैरूत १९८३: प्रबंधासाठी दूतावास घ्यावा की छावणी?

लेबनॉनच्या यादवीवर प्रबंध लिहिणाऱ्या एका विद्यार्थिनीला १८ एप्रिल १९८३ चा अमेरिकन दूतावासावरचा हल्ला घ्यावा की २३ ऑक्टोबरचा बहुराष्ट्रीय शांतिसेनेवरचा, हे ठरत नाहीये.

कागदपत्रांत ऑक्टोबर सरस. शांतिसेनेतल्या अमेरिकन मरीन सैनिकांच्या छावणीवरच्या हल्ल्याची चौकशी अमेरिकी संरक्षण खात्याने नेमलेल्या लाँग आयोगाने केली. डिसेंबर १९८३ मधला तो अहवाल उघड आहे आणि वरिष्ठांच्या चुका तो स्पष्ट सांगतो. पुढे २००३ मध्ये अमेरिकी न्यायालयाने इराणला जबाबदार धरलं. इराणने मात्र आरोप नेहमीच नाकारला. त्याच सकाळी फ्रेंच छत्रीधारी सैनिकांची 'द्राकार' इमारतही कोसळली. फ्रेंच वाचता येत असेल तरच तिकडे खोल शिरावं.

परिणामांतही ऑक्टोबरच मोठा: २४१ अमेरिकन आणि ५८ फ्रेंच सैनिक गेले, आणि काही महिन्यांत बहुराष्ट्रीय सेना बैरूत सोडून गेली.

पण माणसांच्या बाबतीत माझं मन एप्रिलकडे ओढतं. दूतावासात ६३ जण मेले, त्यांत अमेरिकन १७. बाकीच्यांत बहुतेक लेबनीज: तिथले कर्मचारी, व्हिसासाठी आलेले, रस्त्याने जाणारे. त्यांच्याबद्दल फार कमी लिहिलं गेलंय, आणि हे मला खरंच खटकतं.

लष्करी निर्णय आणि परराष्ट्र धोरण अभ्यासायचं असेल, वेळ कमी असेल, तर ऑक्टोबर घे. यादवीतल्या सामान्य बैरूतकरांवर लिहायचं असेल आणि अरबी वर्तमानपत्रं चाळायची तयारी असेल, तर एप्रिल.