ओव्हरड्राफ्टवालं गृहकर्ज : सव्वा वर्ष वापरल्यानंतर

चार तारे द्यायचे की तीन, यावर आमच्या घरात अजून एकमत नाही. नवरा चार म्हणतो, मी तीन. एक तारा का कापला ते पुढे येईलच.

आधी आमची माहिती. मुलुंड पूर्वेला जुन्या सोसायटीत रिसेलचा वन बीएचके, व्यवहार एक कोटीचा. कर्ज ६० लाख, मुदत २० वर्षं. २०२४ ची दिवाळी झाल्यावर घेतलं, तेव्हा रेपो रेट (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो) ६.५० होता आणि आमचा दर ८.७५. याच बँकेचं साधं गृहकर्ज तेव्हा ८.५० ने मिळत होतं. वरचे पाव टक्के ओव्हरड्राफ्टच्या सोयीसाठी. बँकेचं नाव लिहीत नाही, कारण हा प्रकार थोड्याफार फरकाने बऱ्याच बँकांकडे आहे.

सोय अशी : कर्जाला एक चालू खात्यासारखं खातं जोडलेलं असतं. हप्ता भरून उरलेले पैसे त्यात ठेवले की तेवढ्या रकमेवर त्या दिवसांचं व्याज लागत नाही. लागतील तेव्हा काढून घ्या, कोणाला विचारायला नको. साध्या कर्जात पार्ट पेमेंट केलं, म्हणजे हप्त्याशिवाय जादा मुद्दल भरलं, की पैसे गेले ते गेले, इथे ते हाताशी राहतात.

बँकेतला मुलगा हे सांगताना इतका रंगात आला होता की पाव टक्क्याबद्दल विचारायचं भान कोणालाही राहिलं नसतं. मी घरी येऊन कागद घेतला. ६० लाखांवर पाव टक्का म्हणजे पहिल्या वर्षी साधारण १५,००० रुपये जास्त. ते भरून निघायला खात्यात वर्षभर सरासरी १ लाख ७१ हजार तरी पडून हवेत. त्याच्या खाली असाल तर ही सोय तुम्ही पदरचे पैसे देऊन नुसती सांभाळताय. हा आकडा बँकेच्या कुठल्याही पत्रकात छापलेला नसतो.

आमची सरासरी शिल्लक साडेचार लाखांच्या आसपास राहिली. दोघांचे पगार एक तारखेला तिथेच येतात, कार्डाचं बिल महिनाअखेर जातं, शिवाय अडीअडचणीसाठी ठेवलेली रक्कम आम्ही मुदत ठेवीतून काढून इथे आणली. ८.७५ ने वर्षाला ३९,००० च्या वर व्याज वाचतं. त्यातून ते पंधरा हजार वजा केले की २४,००० हातात. नवऱ्याचे चार तारे इथून येतात.

माझा तिसऱ्यावर थांबण्याचा हिशोब वेगळा आहे. हेच साडेचार लाख ७ टक्क्यांच्या एफडीत असते तर ३१,५०० व्याज आलं असतं. ३० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये सेससकट कर गेल्यावर साधारण २१,७००. म्हणजे एवढ्या गाजावाजाच्या सोयीचा एफडीपेक्षा खरा फायदा वर्षाला दोन-अडीच हजार! २० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये असाल तर एफडीच किंचित पुढे जाते. बचत खात्यात पैसे कुजत ठेवणाऱ्यांना मात्र मोठा फरक पडेल. आणि ज्यांना पैसे परत लागणारच नाहीत, त्यांनी साधं ८.५० चं कर्ज घेऊन सरळ मुद्दल फेडावं, तेच सगळ्यात स्वस्त. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराचं गृहकर्ज स्वतःच्या नावावर असेल तर मुदतीआधी फेडण्याचा दंड बँका घेऊ शकत नाहीत, २०१२ पासूनचा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे.

तरी मी तीन तारे दिले, दोन नाही. गेल्या पावसाळ्यात सासूबाईंच्या गुडघ्याचं ऑपरेशन निघालं तेव्हा दोन लाख त्याच संध्याकाळी काढता आले. पर्सनल लोन नाही, एफडी मोडणं नाही, दिराकडे शब्द टाकणं नाही. त्या मोकळेपणाची किंमत मोजायला मी तयार आहे, फक्त ती किंमत आहे हे कोणीतरी सांगायला हवं होतं. उलट बाजूही आहे : ॲपमध्ये चार-पाच लाख ‘उपलब्ध’ दिसले की नवऱ्याला गाडी जुनी वाटायला लागते.

ॲपबद्दल बोलायचं तर वाईट. कर्जाची शिल्लक उणे आकड्यात, लिमिट (कर्जाची कमाल मर्यादा) दर महिन्याला थोडी खाली सरकते, व्याज वेगळ्या ओळीत पडतं, हप्ता वेगळ्या ओळीत जमा होतो. खरोखर किती मुद्दल फिटलं हे एका नजरेत कळत नाही. मी एक्सेलमध्ये वेगळी वही ठेवते. आणखी एक, जे आमच्या सीएनं सांगितलं : खात्यात ठेवलेले जादा पैसे ८०सी खाली मुद्दलफेड म्हणून धरले जात नाहीत.

आता मूळ मुद्दा. मुंबईत घर घेणारा माणूस दरासाठी दहा बँका पालथ्या घालतो आणि मुदत मात्र हप्ता झेपतोय ना एवढं बघून दोन मिनिटांत ठरवतो. माझ्या मते खर्च बसतो तो मुदतीत. आमच्याच ६० लाखांवर ८.७५ ने बघा. १५ वर्षांना हप्ता ५९,९६७ आणि एकूण व्याज ४८ लाखांच्या आसपास. २० वर्षांना ५३,०२३, व्याज सव्वासदुसष्ट लाख. ३० वर्षांना ४७,२०२, व्याज जवळपास एक कोटी दहा लाख. वीसचे तीस केले की हप्ता सहा हजारांनीही कमी होत नाही आणि व्याज मात्र ४२ लाखांहून जास्त वाढतं. पाव टक्क्यासाठी घासाघीस करून वीस वर्षांत वाचतात सव्वादोन लाख.

पहिला हप्ता गेला त्या महिन्यात ५३,०२३ पैकी ४३,७५० व्याज होतं. आमच्याच बिल्डिंगमध्ये असाच फ्लॅट अठ्ठावीस-तीस हजारांना भाड्याने जातो. म्हणजे ‘भाडं वाया जातं, हप्ता आपल्या घरात राहतो’ हे वाक्य पहिली काही वर्षं तरी अर्धवटच खरं आहे. साध्या वेळापत्रकाप्रमाणे दहा वर्षांत ६३ लाखांहून जास्त भरून झाल्यावरही ४२ लाख मुद्दल शिल्लक असतं. घर घेऊ नका असं मी म्हणत नाही, आम्ही घेतलंच आहे आणि घरमालकाचा फोन येत नाही याचं सुख वेगळं आहे. पण त्या सुखाचा आकडा माहीत असावा.

२०२५ मध्ये नशीब आमच्या बाजूने होतं. फेब्रुवारी आणि एप्रिलमध्ये पाव-पाव, जूनमध्ये अर्धा आणि डिसेंबरमध्ये परत पाव टक्का, असा रेपो ६.५० वरून ५.२५ वर आला. ऑक्टोबर २०१९ नंतरची बँकांची फ्लोटिंग गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडलेली असतात आणि तीन महिन्यांत एकदा तरी रिसेट व्हावी लागतात, म्हणजे त्यांचा दर नव्याने ठरतो. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना हा नियम लागू नाही, तिथे कंपनीचा स्वतःचा दर चालतो, हे घेतानाच बघा. आमचं ८.७५ चं ७.५० झालं.

बँकेचा मेसेज आला : अभिनंदन, आपला हप्ता कमी झाला आहे. आम्ही शाखेत अर्ज दिला की हप्ता जुनाच ठेवा, मुदत कमी करा. कारण हे गणित. शिल्लक मुद्दल साधारण ५८.८ लाख, उरलेले हप्ते २२८. ७.५० ने हप्ता कमी करून घेतला तर तो ४८,५०० च्या आसपास येतो, महिन्याला साडेचार हजारांची बचत. जुनाच हप्ता चालू ठेवला तर कर्ज १९० हप्त्यांत संपतं, म्हणजे तीन वर्षांहून आधी, आणि एकूण भरणा जवळपास दहा लाखांनी कमी. ते साडेचार हजार दर महिन्याला नेमाने गुंतवणारी माणसं असतील तर त्यांचा हिशोब वेगळा निघेल. आमच्याकडे ते डी-मार्टमध्ये गेले असते.

दर वाढतात तेव्हा हेच उलटं होतं, आणि ते गुपचूप होतं. माझ्या ऑफिसमधल्या एकाने २०२२ च्या सुरुवातीला ६.७५ ने ४० लाख घेतले, वीस वर्षांसाठी, हप्ता ३०,४१५. मे २०२२ पासून फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो ४ वरून ६.५० झाला आणि त्याचा दर ९.२५ वर गेला. वर्षभर हप्ते भरून मुद्दल ३९ लाखांवर आलं होतं, त्यावर महिन्याचं व्याजच ३०,००० च्या वर. म्हणजे हप्त्यातले जेमतेम तीनशे रुपये मुद्दलात! हप्ता तोच राहिला म्हणून त्याला काही कळलंच नाही, मुदत मात्र निवृत्तीच्या पार पुढे गेली होती. अशा तक्रारी वाढल्यावर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की रिसेटच्या वेळी हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारा. विचारतात, पण बारीक अक्षरांच्या ईमेलमध्ये. तो ईमेल उघडा.

कर्ज घेतानाचे खर्च मी थोडक्यात उरकते. ऑक्टोबर २०२४ पासून बँकेला की फॅक्ट्स स्टेटमेंट द्यावं लागतं आणि त्यात फी वगैरे धरून वार्षिक दर किती पडतो ते लिहिलेलं असतं. सँक्शन लेटरच्या आधी ते मागा. विम्यावर मात्र थांबते. कर्जासोबत एकरकमी हप्त्याचा विमा जवळजवळ गळ्यात मारला जातो, ‘कर्जातच ॲड करू’ म्हणतात. कर्जात घातलेला एक लाखाचा प्रीमियम ८.७५ ने वीस वर्षांत २ लाख १२ हजारांना पडतो. तो घेणं बंधनकारक नाही. आम्ही वेगळा टर्म प्लॅन घेतला आणि बँकेतला तो मुलगा आमच्याशी पुढे जरा तुटक वागला.

मुंबईत स्टॅम्प ड्युटी मेट्रो सेस धरून ६ टक्के, घर फक्त बाईच्या नावावर असेल तर ५. एक कोटीवर हा सरळ एक लाखाचा फरक, म्हणून घर माझ्या एकटीच्या नावावर आहे आणि नवरा सहकर्जदार. यात मेख अशी की मालकीत नाव नसल्यामुळे त्याला व्याजाची वजावट मिळत नाही. तो नवीन करप्रणालीत असल्याने त्याला राहत्या घराच्या व्याजाची वजावट तशीही नव्हतीच. मी जुन्या प्रणालीत आहे, मला मिळते ती वर्षाला दोन लाखांपर्यंतच, पहिल्या वर्षाचं व्याज मात्र पाच लाख वीस हजारांच्या घरात. ३० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये जास्तीत जास्त ६२,४०० रुपये वाचतात. ‘टॅक्स वाचतो, कर्ज फेडू नका’ असं सांगणारे मामा प्रत्येक कुटुंबात एक तरी असतात, त्यांना हे दोन आकडे शेजारी शेजारी दाखवावेत.

स्टॅम्प ड्युटी, नोंदणीचे तीस हजार, ब्रोकरचा एक टक्का (मागितले होते दोन) हे सगळं स्वतःच्या खिशातून, कर्जात बसत नाही. घर पाचशे चौरस फुटांच्या आत असल्यामुळे पालिकेचा मालमत्ता कर २०२२ पासून माफ आहे, तो एक दिलासा. मात्र इमारत जुनी, त्यामुळे सोसायटीच्या मेंटेनन्समध्ये सिंकिंग फंड आणि दुरुस्ती निधी आहेच, आणि मोठी दुरुस्ती निघाली की वेगळी वर्गणी. पुनर्विकासाची चर्चा दर सर्वसाधारण सभेत होते. फ्लॅट गहाण असल्याने तेव्हा बँकेची ना-हरकत लागेल, म्हणून सोसायटीने बँकेला दिलेल्या पत्राची प्रत मी फाइलला लावून ठेवली आहे.

आता कापलेल्या ताऱ्याबद्दल. रेपो उतरला की आमचा दर उतरतो, पण रेपोच्या वर बँक जो स्प्रेड लावते तो करारातलाच राहतो. आमचा २.२५ आहे आणि हीच बँक आज नव्या ग्राहकांना दोनने देते. जुन्या ग्राहकाला कोणी कळवत नाही, स्वतः विचारलं की ‘कन्व्हर्जन फी भरून होईल’ असं उत्तर मिळतं. पाव टक्का म्हणजे आमच्या शिल्लक मुद्दलावर पहिल्या वर्षी १४,७०० रुपये. फी जीएसटीसकट त्याच्या निम्म्याहून कमी सांगितली आहे, लेखी मात्र अजून मिळालेली नाही. अर्ज टाकलाय. नकार आला तर दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायची तयारी आहे, त्यासाठी कागदपत्रांची यादी, कर्जाचं स्टेटमेंट आणि इंडेक्स टू (घराच्या नोंदणीचा उतारा) काढून ठेवलंय. झालं तर नवऱ्याचा चौथा तारा मान्य करीन.