यूपीआय : सर्व्हिस भारी, पण दोन गोष्टी सुधारा

बरीच वर्षं यूपीआय वापरतोय, मनापासून आवडलंय. सगळ्यात भारी म्हणजे तुमचं अ‍ॅप कुठलं, समोरच्याची बँक कुठली, काही फरक पडत नाही, आणि हे आपोआप नाही झालेलं, धोरणच तसं ठरवलं म्हणून झालं. रिझर्व्ह बँकेच्या पुढाकाराने 2008 मधे एनपीसीआय (देशातली डिजिटल पेमेंटची यंत्रणा चालवणारी संस्था) निघाली, तिने 2016 ला यूपीआय आणलं, म्हणजे रस्ता सगळ्यांचा आणि गाड्या पळवायला खाजगी कंपन्या मोकळ्या. त्यात जानेवारी 2020 पासून दुकानदाराला चार्ज शून्य. म्हणून तर मंडईत दहा रुपयांच्या कोथिंबिरीलाही मावशी क्यूआर पुढे करतात, हात ओले, मातीचे, मोबाइलकडे बघत पण नाहीत, स्पीकर बोलला की पुढचं गिऱ्हाईक. कार्डाचं मशीन त्यांना कुठे परवडलं असतं? ऑगस्ट 2023 मधे एका महिन्यात 1000 कोटींच्या वर व्यवहार झाले ते अशाच लोकांमुळे.

आता तक्रार. माझे पैसे एकदा खात्यातून गेले पण समोर पोचलेच नाहीत, परत मिळाले खरे पण बँकेच्या हेल्पलाइनवर धड कोणी बोलेना. दुसरं म्हणजे बहुतेक व्यवहार दोनच अ‍ॅप्सकडे आहेत आणि एका अ‍ॅपकडे 30 टक्क्यांपेक्षा जास्त व्यवहार नकोत या मर्यादेला मुदतवाढच मिळत गेली, हे मला अजिबात पटत नाही, नवीन कंपन्यांनी शिरायचं कुठून?

घरी कोणाकडे बटणांचा फोन असेल तर यूपीआय 123पे नक्की चालू करून द्या, 2022 पासून आहे, इंटरनेट लागत नाही.