‘या नावाचा माणूस तुम्ही नव्हे’: चार्जशीट आली तर दाद कुठे मागावी?

सरकारी कोळसा खाणीतल्या कामगाराला ‘नोकरी ज्या नावावर आहे तो माणूस तुम्ही नव्हे’ अशी खात्याची चार्जशीट (आरोपपत्र) मिळाली की घरात पहिला शब्द निघतो तो हायकोर्टाचा. माझं म्हणणं आहे, तिथेच जरा थांबा.

या वादाचं मूळ बहुतेकदा जुन्या नोंदीत असतं. १९७३च्या राष्ट्रीयीकरणाच्या काळातल्या कामगारांचं नाव, बापाचं नाव, गाव, वय बरेचदा तोंडी सांगितल्यावर ‘फॉर्म बी’ रजिस्टरात (खाणीतल्या कामगारांच्या नोंदवहीत) चढलं आणि पुढे अंगठा उमटला. नंतर जमिनीच्या बदल्यात किंवा वारस म्हणून नोकऱ्या मिळू लागल्या, तशी भाऊबंदांची तक्रारही आली: हा मुलगा नाही, पुतण्या आहे. नोकरीला लागताना नाव, वय, बापाचं नाव खोटं सांगणं स्थायी आदेशांत (कंपनीच्या नोकरीच्या नियमांत) गैरवर्तन आहे, म्हणजे थेट बडतर्फीपर्यंत गोष्ट जाते.

खात्याची चौकशी टाळता येत नाही. तिथे वकील सहसा चालत नाही, पण सहकारी कामगार सोबत घेता येतो. निलंबन झालं तर पहिले ९० दिवस अर्धा पगार, त्यानंतर, उशीर कामगारामुळे झाला नसेल तर, पाऊण. ‘हे सगळं पुढे कोर्टात बघू’ म्हणून गप्प बसणं मला सगळ्यात घातक वाटतं. फॉर्म बी आणि नेमणुकीच्या वेळच्या अंगठ्याची प्रत इथेच लेखी मागा. नकार मिळाला तर तोही लेखी घ्या.

बडतर्फीनंतर खरी निवड असते हायकोर्ट की औद्योगिक न्यायाधिकरण (कामगार-मालक वाद ऐकणारं न्यायालय). हायकोर्ट रिट याचिकेत (सरकारी निर्णयाविरुद्ध थेट तिथे केलेल्या अर्जात) साक्षीदार सहसा तपासत नाही. नोटीसच दिली नाही, बाजू ऐकलीच नाही, असं उघड दिसत असेल तर जरूर जा, स्थगितीही मिळू शकते. पण ‘मी तोच आहे’ हा वस्तुस्थितीचा प्रश्न. त्यासाठी गावचा पोलीस पाटील, शाळेचं दाखलखारीज रजिस्टर, ठशांचा तज्ज्ञ असं सगळं उभं करावं लागतं, आणि ते न्यायाधिकरणात होतं. चौकशी सदोष ठरली तर तिथे पुरावा नव्याने घेतला जातो, शिक्षाही कमी होऊ शकते. आधी केंद्रीय कामगार आयुक्तालयाच्या समेट अधिकाऱ्याकडे (तडजोड घडवून पाहणाऱ्या अधिकाऱ्याकडे) अर्ज करावा लागतो. मुदत जुन्या औद्योगिक विवाद कायद्यात तीन वर्षं होती, नव्या औद्योगिक संबंध संहितेत ती दोनवर आली आहे. निकालाला वर्षं लागतात आणि तोवर घर चालवायचं असतं, हे मी लपवत नाही. तरीही मी हाच रस्ता सुचवेन.

दिवाणी दाव्यात ‘मी अमक्याचा मुलगा’ असा निवाडा मिळतो. भाऊबंदकीचा वाद असेल तर तो उपयोगी आहे, पण कंपनीला प्रतिवादी केलंच पाहिजे, नाहीतर तो निवाडा तिच्यावर बंधनकारक नाही. नोकरी परत मिळवायला मात्र हा मार्ग नव्हे.

राज्य सरकारच्या कार्यालयात नोकरी असेल तर चित्र वेगळं: आधी खात्यातलं अपील, मग महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, आणि तिथला अर्जही साधारण एका वर्षाच्या आत करावा लागतो.

‘पोलीस केस झालेली नाही, म्हणजे निभावलं,’ असं समजणारे पुष्कळ भेटतात. खात्याला फौजदारी कोर्टाइतका कडक पुरावा लागत नाही. फेब्रुवारी २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खोट्या जन्मतारखेवर मिळवलेल्या नोकरीच्या प्रकरणात, गुन्हा शाबीत झालेला नसतानाही, ग्रॅच्युइटी जप्त करणं योग्य ठरवलं. प्रकरण विदर्भातल्या कोळसा कंपनीचं होतं. म्हणून निवृत्तीला दोनच वर्षं उरली असली तरी चौकशीचा निष्कर्ष तसाच सोडू नका.