हॅना स्वेन्सनची मालिका: पावसाळ्यापासून थंडीपर्यंत वाचल्यावर

जोॲन फ्लूक यांची हॅना स्वेन्सन ही इंग्रजी रहस्यकथांची मालिका मी पावसाळ्यात सुरू केली. आता थंडी ओसरत आलीये आणि अजून काही पुस्तकं बाकी आहेत. आत्या आणि दोन मैत्रिणीही सोबत वाचत होत्या, त्यामुळे खाली जे लिहिलंय त्यात त्यांची मतंही आली आहेत, आणि आमचं एकमत फारसं झालेलं नाही. माझं मत आधीच सांगते. सुरुवातीची सात-आठ पुस्तकं जरूर वाचा. त्यापुढची निवडून वाचा.

ज्यांना काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी: अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यात लेक ईडन नावाचं काल्पनिक गाव आहे. हॅना तिथे ‘द कुकी जार’ नावाची बेकरी चालवते. वय तिशीच्या आसपास, लाल कुरळे केस, घरी मॉयशे नावाचा एका डोळ्याचा बोका. इंग्रजी साहित्यातलं पुढचं शिक्षण अर्धवट सोडून ती वडील गेल्यावर गावी परतली आहे. धाकटी बहीण अँड्रिया घरांची खरेदी-विक्री करून देते, तिचा नवरा बिल पोलिसात आहे. आई डेलोरस हिला मोठ्या मुलीच्या लग्नाचा ध्यास. (हे वाचताना आत्या म्हणाली, ‘ही बाई तर आपल्याच आळीतली.’) पहिलं पुस्तक ‘चॉकलेट चिप कुकी मर्डर’ 2000 साली आलं. त्यात डेअरीची गाडी चालवणारा रॉन लासाल बेकरीच्या मागच्या गल्लीत गोळी लागून मेलेला सापडतो. बिलला डिटेक्टिव्हची बढती हवी आहे आणि गावातले लोक पोलिसांपेक्षा हॅनाशी जास्त मोकळे बोलतात. तिथून सगळं सुरू होतं.

या मालिकेत सगळ्यात भक्कम काय असेल तर ती बेकरी. हॅना पहाटे उठते, ओव्हन तापवते, कॉफीचा मोठा पर्कोलेटर लावते, मदतनीस लिसा येते, काचेच्या बरण्या भरल्या जातात आणि मग गाव आत येतं. शेरीफच्या, म्हणजे तिथल्या पोलिसप्रमुखाच्या, ऑफिसात जे कोणी सांगणार नाही ते इथे कॉफीच्या कपाबरोबर सहज बाहेर पडतं. हॅनाकडे ना प्रयोगशाळा, ना बंदूक. कुणाकडे चौकशीला जायचं तर ती कुकीजचा डबा घेऊन जाते, आणि दार उघडणारी बाई तिला आत घेते. तपासाची ही रीत मला पूर्ण पटते. लहान गावात माहिती अशीच फिरते. कोण कुठल्या वेळी कुणाकडे गेलं, कुणाच्या खात्यावर किती उधारी आहे, कुणी अचानक नवी गाडी घेतली, हे दुकानदाराला कळतंच. ज्या पुस्तकांत लेखिका हॅनाला काउंटरमागे उभं ठेवते ती पुस्तकं उत्तम वठतात.

‘पीच कॉबलर मर्डर’ (2005) मला म्हणूनच फार आवडलं. समोरच नवी बेकरी उघडते, गिऱ्हाईक तिकडे वळतं, आणि हॅनाला दुकान टिकेल की नाही याचा घोर लागतो. पुढे त्या बेकरीच्या मालकिणीचा खून होतो आणि संशय हॅनावर येतो. इथे खुनाइतकीच धंद्याची काळजी खरी वाटते. ‘ब्लूबेरी मफिन मर्डर’ (2002) मध्येही तसंच आहे. टीव्हीवर गाजलेली पाककलेची बाई हॅनाच्याच कोठीघरात मेलेली सापडते आणि ऐन हिवाळी जत्रेच्या दिवसांत दुकानाला पोलिसांचं कुलूप लागतं.

पण एकच पुस्तक निवडायचं झालं तर मी दुसरं निवडेन: ‘स्ट्रॉबेरी शॉर्टकेक मर्डर’ (2001). मैद्याची कंपनी गावात गोड पदार्थांची स्पर्धा भरवते, टीव्हीवाले येतात, सगळं हलकंफुलकं चाललेलं असतं, आणि परीक्षकांपैकी एक, बॉइड वॉटसन, मारला जातो. हा शाळेतला बास्केटबॉलचा कोच. गावात मान मोठा. घरी तो बायकोला मारायचा. डॅनिएल, त्याची बायको, अंगावरचे वळ झाकत राहिली, आणि आता खुनाचा पहिला संशय तिच्यावरच. हॅनाला हे आधीपासून माहीत आहे, आणि डॅनिएलला वाचवायचं म्हणून ती तपासात उतरते. अशा गोड कव्हरच्या, केकचं चित्र असलेल्या पुस्तकात हे येईल असं मला वाटलं नव्हतं. लेखिकेने ते भडकही केलेलं नाही आणि पुसटही केलेलं नाही. गावाला जो माणूस आवडतो त्याच्याबद्दल कुणी बोलत नाही, मारहाण होणाऱ्या बाईला ‘तू आधी का नाही सांगितलंस’ असं विचारलं जातं, हे सगळं आहे. अशा घरगुती वळणाच्या रहस्यकथांत रक्त आणि क्रूरपणा पानावर दाखवायचा नाही असा दंडक असतो. पण त्यामुळे विषय हलकाच असायला हवा असं नाही, हे या पुस्तकात दिसतं. आमच्यातली एक मैत्रीण कौटुंबिक हिंसाचाराच्या प्रकरणांत काम करते. तिने हे पुस्तक वाचून मला रात्री फोन केला आणि आम्ही खुनी कोण यावर एक शब्दही बोललो नाही.

आता तक्रारी. पुढे कथानक थोडं उघड होईल, नको असेल त्यांनी हा भाग सोडावा.

हॅनाच्या आयुष्यात दोन पुरुष आहेत. नॉर्मन ऱ्होड्स, गावचा दंतवैद्य, शांत आणि भरवशाचा. माइक किंग्स्टन, पोलिस डिटेक्टिव्ह, देखणा आणि बेभरवशाचा. दोघंही लग्नाची मागणी घालतात आणि ती कुणालाच हो म्हणत नाही. सुरुवातीला हे मजेदार वाटतं. पण पुस्तकामागून पुस्तक तेच: माइक रात्री अवेळी जेवायला येतो, नॉर्मन समजूतदारपणे बाजूला होतो, आई टोमणे मारते. इथे वाचकांत सरळ दोन तट आहेत. आत्या नॉर्मनची कट्टर बाजू घेते, मैत्रिणी माइकच्या. माझं म्हणणं असं की हॅनाला दोघांचीही गरज नाही, पण लेखिकेने तो पर्याय तिच्यासमोर नीट ठेवलेलाच नाही. मग ‘वेडिंग केक मर्डर’मध्ये (2016) ती तिसऱ्याशीच, कॉलेजातल्या जुन्या मित्राशी, रॉस बार्टनशी लग्न करते. ‘रास्पबेरी डॅनिश मर्डर’मध्ये (2018) तो गायब झालेला आहे आणि पुढे कळतं की त्याचं आधीच लग्न झालेलं होतं. यावर बरेच जुने वाचक रागावले आणि त्यांचा राग मला रास्त वाटतो. जी बाई अनोळखी माणसाच्या बोलण्यातला खोटेपणा दोन मिनिटांत ओळखते, तिला स्वतःच्या घरातला दिसत नाही, हे मानायला लेखिकेने काहीच आधार दिलेला नाही.

शिवाय तोच तोच मजकूर. बोक्याने खाण्याचं कपाट उघडलं, चॉकलेटने मेंदूत एंडॉर्फिन (बरं वाटायला लावणारं रसायन) वाढलं, कॉफीला ‘स्वीडिश प्लाझ्मा’ म्हटलं, पहिला घास घेताच सगळ्यांनी वाहवा केली. एकापाठोपाठ एक वाचलं की हे फार टोचतं. त्यामुळे सलग वाचू नका, मध्ये दुसरं काही वाचा. ‘एवढ्याशा गावात इतके खून कसे?’ हा प्रश्न मला मात्र त्रास देत नाही. अगाथा ख्रिस्तीच्या मिस मार्पलच्या खेड्यातही ते होतेच, तो या प्रकाराचा करारच आहे.

मिनेसोटाची थंडी मात्र अप्रतिम उतरली आहे. लेखिका त्याच राज्यातल्या स्वॅनव्हिल या लहान गावात वाढल्या, ते जाणवतं. रात्री गाडीचं इंजिन गोठू नये म्हणून ती विजेच्या प्लगला जोडून ठेवतात, हे मला कल्पनेतलं वाटलं होतं. मिनिआपोलिसला राहणाऱ्या मामेबहिणीने सांगितलं की तिकडे हे अजूनही करतात.

पाककृतींबद्दल वेगळं लिहायला हवं, कारण त्या गोष्टीच्या मध्येच येतात आणि नंतरच्या पुस्तकांत वाढतच जातात. मी पहिल्या पुस्तकातल्या चॉकलेट चिप क्रंच कुकीज बऱ्याचदा केल्या. त्यात कॉर्नफ्लेक्सचा चुरा असतो आणि त्यामुळेच त्या कुरकुरीत होतात. चुरा आधी करून मग मोजायचा, ही सूचना पुस्तकात ठळक आहे आणि ती पाळाच. प्लास्टिकच्या पिशवीत घालून लाटणं फिरवलं की झालं. लोणी विरघळवून घ्यायचं असतं. आपल्याकडचं पॅकेटातलं बटर खारट असतं, म्हणून वरचं मीठ निम्म्यावर आणा. अमेरिकन ‘स्टिक’ म्हणजे साधारण 113 ग्रॅम, आपलं छोटं पॅकेट 100 ग्रॅमचं, तेवढा फरक लक्षात ठेवा. 375 फॅरनहाइट म्हणजे 190 सेल्सियस. लहान ओटीजीत (घरगुती विजेच्या ओव्हनमध्ये) वरची बाजू लवकर करपते, तेव्हा ट्रे खालच्या खाचेत ठेवा आणि आठव्या मिनिटाला बघा. उकाड्यात पीठ सैल पडतं, गोळे करण्याआधी अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवलं तर कुकीज पसरत नाहीत. साखर मला जास्त वाटली, पाव भाग कमी केली तरी पोत बिघडला नाही. अँड्रियाच्या व्हिपरस्नॅपर कुकीजना मात्र तयार केक मिक्स आणि डब्यातलं व्हिप्ड टॉपिंग लागतं, त्यांच्या वाटेला मी गेले नाही.

2015 पासून हॉलमार्क वाहिनीने यावर चित्रपट केले, हॅनाच्या भूमिकेत ॲलिसन स्वीनी. एक बघितला. ठीक आहे, पण पुस्तकातली हॅना वजनाची, केसांची, कपड्यांची जी कुरकुर करत असते आणि तरीही ताठ मानेने वावरते, ती तिथे हरवली आहे.

इंग्रजी सोपं आहे. इंग्रजी कादंबऱ्यांची सवय नसलेल्या आत्याने शब्दकोश न उघडता चार पुस्तकं संपवली. कुणाला सुरुवात करायची असेल तर पहिल्यापासून क्रमाने ‘पीच कॉबलर’पर्यंत जा, नाताळचं ‘शुगर कुकी मर्डर’ सोडलं तरी चालेल, त्यात गोष्ट थोडी आणि पाककृतीच जास्त आहेत. लग्नाच्या भानगडीची पुस्तकं मी आत्याला देणार नाही असं ठरवलं होतं, पण नॉर्मनचं पुढे काय होतं ते तिला कळायलाच हवंय, आणि तिने ती परवा स्वतःच मागवली.